विश्लेषण : जीव वाचवताना समोरच्याचा जीव गेला तर? न्या. गजेंद्रगडकरांनी १९६२ मध्ये आखलेली रेषा आजही का तपासली जाते?

पावसाळ्याच्या तोंडावर नांगरणी सुरू झाली, की कोकणात बांधावरची भांडणेही सुरू होतात. रोहा तालुक्यातले धाटाव असो की पेणच्या खारेपाटातले एखादे गाव, कारणे ठरलेली. कुणी बांध कोरला, कुणी पाणी अडवले, कुणी मोजणीचा दगड हलवला. बहुतेक भांडणे शिव्यांवर थांबतात. क्वचित एखाद्या ठिकाणी कोयती किंवा दांडका उगारला जातो आणि एक माणूस घरी परत येत नाही.

मग खटला अलिबाग किंवा माणगावच्या सत्र न्यायालयात उभा राहतो. शिक्षा झाली तर अपील मुंबई उच्च न्यायालयात जाते. तिथे आरोपीच्या बाजूने अनेकदा एकच मुद्दा येतो. वार केला हे खरे, पण तो स्वतःला वाचवताना केला.

हा मुद्दा कुठवर मान्य करायचा आणि कुठे नाकारायचा, याची कसोटी ज्या निकालांतून घडली त्यांत १९६२ चा एक निकाल आजही वरच्या रांगेत आहे. तो लिहिला साताऱ्यात जन्मलेल्या एका मराठी न्यायमूर्तींनी. प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर हे त्यांचे नाव. पुढे ते देशाचे सरन्यायाधीश झाले. कामगार कायद्यामुळे त्यांचे नाव धाटावच्या औद्योगिक वसाहतीतल्या एखाद्या जुन्या युनियन कार्यकर्त्याला कदाचित माहीत असेल. बांधावरच्या मारामारीशीही त्यांचा संबंध आहे, हे मात्र फारसे कुणाला ठाऊक नसते.

कोण होते गजेंद्रगडकर?

जन्म १६ मार्च १९०१, सातारा. घराणे मूळचे कर्नाटकातल्या गजेंद्रगडचे, म्हणून हे आडनाव. वडील बाळाचार्य संस्कृतचे विद्वान आणि अध्यापक. घरात माध्व परंपरेतल्या वेदांताचे आणि मीमांसेचे अध्ययन पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेले. थोरले बंधू अश्वत्थामाचार्य यांनीही मुंबईत संस्कृतचे प्राध्यापक म्हणून नाव कमावले. प्रल्हाद हे धाकटे.

मीमांसा म्हणजे वाक्याचा अर्थ कसा लावायचा याचे शास्त्र. दोन वचने एकमेकांविरुद्ध जात असतील तर कोणते वरचढ, अपवाद कुठे सुरू होतो आणि कुठे संपतो, हेच त्यात पाहतात. न्यायाधीशाचे कामही याहून फार वेगळे नसते.

पुण्याच्या डेक्कन कॉलेजमधून ते १९२४ मध्ये एम. ए. झाले. त्याच वर्षी पुण्यात आयएलएस विधी महाविद्यालय सुरू झाले होते. तिथून १९२६ मध्ये त्यांनी एलएल. बी. केले आणि मुंबई उच्च न्यायालयाच्या अपील शाखेत वकिली सुरू केली.

अपील शाखा म्हणजे काय, हे इथे समजून घ्यावे लागेल. मुंबई शहरातले मोठे दिवाणी दावे थेट उच्च न्यायालयाच्या मूळ शाखेत चालत आणि तिथे बॅरिस्टरांचा दबदबा होता. जिल्ह्याजिल्ह्यांतून येणारी अपिले मात्र अपील शाखेकडे येत. सातारा, रत्नागिरी, कुलाबा अशा जिल्ह्यांतल्या शेताच्या, वाटणीच्या, दत्तकाच्या आणि खुनाच्या प्रकरणांचे कागद तिथे साचत. रोहा आणि पेण तेव्हा याच कुलाबा जिल्ह्यात होते. त्याचे रायगड हे नामांतर १९८१ मध्ये झाले.

गजेंद्रगडकरांचे नाव झाले ते हिंदू कायद्यात. त्यांनी एका हिंदू कायदाविषयक त्रैमासिकाचे संपादन केले आणि दत्तक मीमांसा या संस्कृत ग्रंथाची चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली. फौजदारी वकील अशी त्यांची ओळख कधीच नव्हती. तरीही फौजदारी कायद्यातल्या एका नाजूक प्रश्नावर त्यांचा निकाल टिकला, आणि त्याचे श्रेय बहुधा या मीमांसेच्या सवयीला द्यावे लागेल.

न्यायाधीश म्हणून कामगिरी काय?

१९४५ मध्ये ते मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले. द्विभार्या प्रतिबंधाचा मुंबई प्रांताचा कायदा वैध ठरवणाऱ्या १९५१ च्या खंडपीठात मुख्य न्यायमूर्ती छागला यांच्यासोबत ते होते. जानेवारी १९५७ मध्ये त्यांची सर्वोच्च न्यायालयात नियुक्ती झाली. तिथल्या नऊ वर्षांत औद्योगिक वादांवरचे कितीतरी निकाल त्यांनी लिहिले. म्हैसूर राज्याच्या आरक्षण आदेशावरचा बालाजी खटल्याचा निकाल त्यांचाच. विधिमंडळ आणि न्यायालय यांच्यातल्या १९६४ च्या पेचप्रसंगावरचे बहुमताचे मतही त्यांचेच. स्वामीनारायण संप्रदायाच्या मंदिरांत दलितांना प्रवेश नाकारता येणार नाही, हा १९६६ चा निकालही त्यांच्याच लेखणीतला.

या मोठ्या घटनात्मक निकालांच्या गर्दीत जय देव विरुद्ध पंजाब राज्य हे प्रकरण लहान वाटते.

१९६२ च्या त्या प्रकरणात काय होते?

प्रकरण तेव्हाच्या पंजाबातले. शेतजमिनीच्या ताब्यावरून दोन गटांत वाद पेटला. एका बाजूकडे बंदुका होत्या. गोळ्या सुटल्या, माणसे मेली. आरोपींचे म्हणणे असे, की समोरचा जमाव चालून आला होता आणि शेत व जीव वाचवण्यासाठी गोळीबार करावा लागला.

गजेंद्रगडकरांनी निकालाची सुरुवात थेट बंदुकीपासून केली नाही. हा हक्क मुळात आहेच कशासाठी, इथून ते निघाले. सुव्यवस्थित समाजात माणसाच्या जिवाचे आणि मालमत्तेचे रक्षण करणे ही राज्याची जबाबदारी. पण पोलीस प्रत्येक बांधावर उभे राहू शकत नाहीत. संकट अंगावर आले आणि सरकारी मदत त्या क्षणी मिळण्यासारखी नसेल, तर माणसाला स्वतःचा बचाव करण्याची मुभा कायदा देतो. म्हणजे हा हक्क राज्याच्या गैरहजेरीतला आहे. सूड घेण्यासाठी किंवा द्वेषापोटी तो वापरता येत नाही.

पुढे त्यांनी दोन गोष्टी मांडल्या. या दोन्ही एकत्र वाचल्या नाहीत तर निकाल अर्धाच कळतो.

पहिली गोष्ट आरोपीच्या बाजूची आहे. ज्याच्या अंगावर हल्ला झाला आहे तो घाबरलेला, गोंधळलेला असतो. त्या क्षणी संकट परतवणे एवढेच त्याच्या डोक्यात असते आणि निर्णायक घाव घालावा असे त्याला वाटणे स्वाभाविक आहे. गरजेपेक्षा जास्त बळ वापरू नये हे खरे. पण बळ जास्त झाले का, हे ठरवताना न्यायालयाच्या शांत दालनातली किंवा बाजूला उभ्या असलेल्या तटस्थ माणसाची फूटपट्टी लावून चालणार नाही.

दुसरी गोष्ट मर्यादेची. ज्या भीतीमुळे हा हक्क जन्मला ती भीती संपली, हल्लेखोर निष्प्रभ झाला किंवा पळू लागला, की हक्क तिथेच संपतो. त्यानंतर टाकलेला प्रत्येक घाव हा बचाव राहत नाही. त्या प्रकरणात धोका ओसरल्यानंतर झाडलेल्या गोळ्यांना हे संरक्षण मिळाले नाही आणि आरोपी दोषी ठरले.

एक घाव आणि दुसरा घाव

समजा, धाटावजवळच्या एखाद्या शेतात दोन भाऊबंद समोरासमोर आले. एकाने दांडका उगारून दुसऱ्याच्या डोक्यावर मारला. दुसऱ्याने हातातली कोयती चालवली आणि पहिला खाली पडला. दांडका बाजूला उडाला. इथपर्यंतचा वार बचावाचा असू शकतो, मग तो जीवघेणा ठरला तरी. पण पडलेल्या माणसावर पुन्हा कोयती चालली, किंवा तो उठून पळत असताना पाठीत वार झाला, तर गणित बदलते. दोन घावांमध्ये काही सेकंदच गेलेले असतात. पण निर्दोष सुटका आणि जन्मठेप यांच्यातले अंतर त्या सेकंदांत असते.

अपिलात न्यायाधीशांसमोर साक्षीदार उभा नसतो, कागद असतात. शवविच्छेदन अहवालात जखमा समोरून आहेत की मागून? आरोपीच्या अंगावर जखमा होत्या का, आणि असतील तर सरकारी पक्षाने त्यांचा खुलासा केला का? हत्यार घरून आणले की शेतकामासाठी आधीपासूनच हातात होते? जमिनीचा ताबा प्रत्यक्षात कुणाकडे होता? आधी चालून कोण गेले? शेवटच्या प्रश्नाचे उत्तर आरोपीकडे बोट दाखवत असेल, तर स्वसंरक्षणाचा दावा सहसा तिथेच कोसळतो. भांडण ओढवून घेणाऱ्याला या हक्काची ढाल मिळत नाही. मूळचे पुण्याचे न्या. यशवंतराव चंद्रचूड यांनी बदायूँच्या भाजी मंडईतल्या खुनावरच्या १९७४ च्या निकालात हे ठळकपणे मांडले.

जमीन वाचवण्यासाठी मारता येते का?

याबाबत गावागावांत मोठा गैरसमज आहे. आपल्या शेतात कुणी घुसले तर त्याला संपवण्याचा हक्क आहे, असे अनेकांना वाटते.

जुन्या स्मृतिग्रंथांत आततायी म्हणून सहा प्रकारचे लोक सांगितले आहेत. आग लावणारा, विष देणारा, शस्त्र घेऊन अंगावर येणारा, धन लुटणारा, शेत बळकावणारा आणि स्त्रीचे अपहरण करणारा. अशाला मारण्यात दोष आहे की नाही, यावर मिताक्षरेसह अनेक ग्रंथांत वाद झाला आहे. म्हणजे शेत बळकावणाऱ्याला त्या यादीत शस्त्रधाऱ्याच्या शेजारी बसवले होते.

आजचा कायदा तसे मानत नाही. मालमत्तेच्या बचावात समोरच्याचा मृत्यू घडवण्याचा हक्क जबरी चोरी, रात्रीची घरफोडी, राहत्या घराला आग लावणे अशा मोजक्या प्रसंगांत मिळतो. चोरी, नासधूस किंवा घरात घुसखोरी झाली, तर त्यातून मृत्यूची किंवा जबर दुखापतीची वाजवी भीती निर्माण झालेली असावी लागते. नुसते शेतात घुसणे किंवा बांध कोरणे यासाठी बळ वापरून अडवता येते, जीव घेता येत नाही. शेतावरून सुरू झालेल्या भांडणात पुढे जिवावर बेतले, तर प्रश्न मालमत्तेचा उरत नाही, शरीराच्या बचावाचा होतो. वकिलाला दाखवावे लागते ते हे वळण.

शिवाय सरकारी यंत्रणेकडे जायला वेळ होता का, हेही पाहिले जाते. आदल्या दिवशीच वाद झाला होता आणि पोलीस ठाणे, भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणी किंवा १९०६ च्या मामलेदार न्यायालय कायद्याखाली तहसीलदाराकडे अर्ज, हे मार्ग मोकळे होते, तर दुसऱ्या दिवशी तयारीने शेतात उतरणाऱ्याला न्यायालयाला समजावणे जड जाते.

सिद्ध कुणी करायचे?

या प्रश्नावरही गजेंद्रगडकरांची छाप आहे. खून झाला आणि तो आरोपीने केला, हे वाजवी संशयापलीकडे सिद्ध करण्याची जबाबदारी सरकारी पक्षाची. पण आपले कृत्य कायद्यातल्या अपवादात बसते, हे दाखवण्याचा भार पुरावा कायदा आरोपीवर टाकतो. मग आरोपीनेही तितक्याच काटेकोरपणे सिद्ध करायचे का?

सरन्यायाधीश असताना १९६५ मध्ये हरभजन सिंग विरुद्ध पंजाब राज्य या खटल्यात त्यांनी याचे उत्तर दिले. ते प्रकरण खुनाचे नव्हते. तत्कालीन पंजाबचे मुख्यमंत्री प्रतापसिंग कैरों यांच्या मुलाच्या बदनामीचे होते. पण तत्त्व सगळ्याच अपवादांना लागू पडते. आरोपीचा भार सरकारी पक्षाइतका जड नाही. त्याची हकीकत अधिक संभवनीय वाटली, तरी पुरे.

खुनाच्या अपिलात याचा अर्थ मोठा आहे. धाटावच्या त्या काल्पनिक शेतात तिसरा कुणी नसेल, तर बचाव करणाऱ्याकडे साक्षीदार कुठून येणार? त्याच्या डोक्यावरची जखम, वेळेत केलेली वैद्यकीय तपासणी आणि सरकारी साक्षीदारांच्या उलटतपासणीतून बाहेर आलेली विसंगती, एवढ्यावरही त्याची बाजू संभवनीय ठरू शकते. आरोपीने जबाबात स्वसंरक्षण हा शब्द उच्चारला नाही आणि नुसतेच सगळे नाकारले, तरी पुराव्यातून तो मुद्दा दिसत असेल तर न्यायालय विचारात घेऊ शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने नंतर स्पष्ट केले. व्यवहारात मात्र नाकारणे आणि बचाव अशा दोन होड्यांवर पाय ठेवणारा आरोपी बहुतेकदा बुडतो.

मर्यादा ओलांडली तर थेट फाशी-जन्मठेप?

तसेही नाही. हक्क खरा होता, हेतू प्रामाणिक होता, पण भरात बळ जास्त वापरले गेले, असे दिसले तर कृत्य खुनाऐवजी सदोष मनुष्यवध ठरू शकते. खुनाला किमान जन्मठेप आहे. सदोष मनुष्यवधात जन्मठेप होऊ शकते, पण दहा वर्षांपर्यंतच्या मुदतीची शिक्षाही देता येते. अपिलातली कित्येक लढाई सुटकेसाठी कमी आणि या मधल्या जागेसाठी जास्त असते. आरोपीच्या घरी लहान मुले असतील, तर बाप कधी परतणार हे त्यावर ठरते. मृताच्या घरच्यांना तोच निकाल अन्याय वाटतो. त्यांच्या दृष्टीने माणूस गेला तो गेलाच.

पंजाबातल्याच शेतीवादातून गेलेल्या दर्शन सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये आरोपीला निर्दोष सोडले. वडिलांवर धारदार हत्याराने वार झाला, तेव्हा मुलाने बंदूक चालवली होती. सत्र न्यायालयाने सोडले, उच्च न्यायालयाने शिक्षा दिली, सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सोडले. जय देव निकालातली तत्त्वे तिथेही विचारात घेतली गेली. शेत होते, बंदूक होती, मृत्यू होता. फरक पडला तो गोळी सुटली त्या क्षणी समोर धोका उभा होता की नाही, यावर.

पुढे काय झाले?

१ फेब्रुवारी १९६४ ते १५ मार्च १९६६ या काळात गजेंद्रगडकर सरन्यायाधीश होते. निवृत्तीनंतर त्यांनी मुंबई विद्यापीठाचे कुलगुरुपद सांभाळले. पहिल्या राष्ट्रीय कामगार आयोगाचे ते अध्यक्ष होते. या आयोगाने १९६९ मध्ये अहवाल दिला. १९७१ पासून ते विधी आयोगाचे अध्यक्ष होते. १९७२ मध्ये त्यांना पद्मविभूषण मिळाले. जातिभेद आणि अंधश्रद्धेविरोधातल्या सामाजिक परिषदांच्या व्यासपीठावर ते दिसत, आणि त्याच वेळी उपनिषदांच्या ग्रंथमालेचे संपादनही करत. या दोन्हींत त्यांना विसंगती वाटली नसावी. १२ जून १९८१ रोजी त्यांचे निधन झाले. आत्मचरित्र त्यानंतर, १९८३ मध्ये प्रसिद्ध झाले.

१ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता आली. स्वसंरक्षणाची जुनी ९६ ते १०६ ही कलमे आता ३४ ते ४४ झाली आहेत. शरीराच्या बचावाचा हक्क कधी सुरू होतो आणि कधी संपतो हे सांगणारे जुने कलम १०२ आता कलम ४० म्हणून ओळखले जाते. त्याची शब्दरचना जवळपास तशीच आहे. त्यामुळे रोह्यातून निघालेले एखादे अपील उद्या मुंबईत सुनावणीला आले, तर वकील कलमाचा आकडा नवा सांगेल, दाखला मात्र १९६२ चाच देईल.